एका कीबोर्डवर दोघं

अहो, आज सकाळी मी तुमच्या फोटोवर ओरडले. चांगली घसा फाडून ओरडले. खालच्या मजल्यावरची लक्ष्मम्मा धावत वर आली. तिला वाटलं, मला रडू आवरेनासं झालंय. "एडवकु अम्मा, एडवकु," म्हणत तिने मला जवळ घेतलं आणि पाठीवरून हात फिरवत राहिली. मी रडत नव्हते. मी तुम्हाला खोटारडा म्हणत होते. पण खोटारड्याला तेलुगूत काय म्हणतात ते मला एवढी वर्षं हैदराबादेत राहूनही येत नाही, म्हणून मी तिच्यासाठी चहा टाकला.

परवा तुमच्या पुण्यानुमोदनाला सगळे आले होते. नांदेडहून तुमचे दादा-वहिनी आले, कारखान्यातले लोक आले, माझ्या बँकेतलेही आले. वंदना झाली आणि मग एकेक जण उठून बोलायला लागला. वाघमारे म्हणजे किती शांत माणूस. कधी वर मान करून बोलले नाहीत. कधी कशाची तक्रार नाही, कुणाकडे काही मागणं नाही. मी खाली बघत बसले होते, बायकांना वाटलं दुःखाने. मला राग येत होता. बायको समोर बसलेली असताना माणसाने तोंडात मिठाची गुळणी धरून बसायचं आणि एक दिवस उठून चालतं व्हायचं, हा गुण कधीपासून झाला? मला कुणी बोलायला सांगितलं नाही ते बरंच झालं. इथे बोलते. इथे तुम्हाला मध्येच उठून "चहा घेणार का" असं विचारून सटकता येणार नाही.

तुम्ही मुळात असे नव्हतात, हे त्या लोकांना माहीत नाही. मला माहीत आहे. लग्नानंतर आपण इथे आलो तेव्हा सुलतान बाजारात साडीला फॉल-बिडिंग करायला टाकलं की तास-दीड तास जायचा. एकदा तुम्ही म्हणालात, इथे उभं राहून काय करायचं, चला, मागच्या गल्लीत गंमत आहे. ते व्हिडिओ गेमचं पार्लर होतं. अंधारी खोली, पाच-सहा मशिनं आणि नुसती कॉलेजची पोरं. मी दारातच थांबले. तुम्ही सरळ आत गेलात आणि विमानांच्या मशीनच्या काचेवर, कडेला, एक नाणं ठेवलंत. तिथली रीतच होती, नाणं ठेवलं की पुढचा नंबर तुमचा. पोरं बाजूला होईनात, तेव्हा तुम्ही म्हणालात, "हटो भई, मॅडम का नंबर है." तेव्हापासून तुम्ही मला मॅडम म्हणायला लागलात. मी पदर खोचला आणि खेळले. लगेच मेले. पोरं हसली, आणि तुम्ही त्यांच्यापेक्षा जास्त हसलात.

मग तो आपला नेमच झाला. फॉल नसला तरी आपण जायचो. लाल विमान तुमचं, निळं माझं. दोघांनी मिळून वरून येणारी विमानं पाडायची, आणि शेवटी ते मोठं जहाज यायचं, त्याला पोरं 'बडा' म्हणायची. तिथे तुम्ही माझ्यापेक्षा कितीतरी चांगले खेळायचात. मी आधी मरायचे, तुम्ही पुढे जायचात, आणि जाता जाता टोमणे मारायचात. "मॅडम, विमान चालवताय की रिक्षा?" माझं तोंड वाकडं झालं की अजून बोलायचात. परत येताना बसमध्येसुद्धा तेच. मला तो माणूस आवडायचा, अहो. माझ्याशी भांडणारा, मला हरवणारा, आणि हरवून वर मिजास करणारा.

पुढे घरोघरी केबल आली, मग नेटचे कॅफे आले, आणि पार्लर बसलं. तुमच्या कारखान्याचंही तेच झालं. बाहेरच्या कंपन्यांचे रंगीत टीव्ही आल्यावर तुमचा सरकारी टीव्ही कोण घेणार? दिवस दिवस टेबलाशी बसून परत यायचात. माझ्या बँकेत मात्र उलटा प्रकार. कॉम्प्युटर आले, आणि साहेबांनी सांगितलं, ऑफिसरची परीक्षा द्यायची असेल तर हे शिकावं लागेल. म्हणून आपण तो असेंबल केलेला छोटा कॉम्प्युटर घेतला. माझ्यासाठी घेतला. त्याच्यावर विमानं उडवायची कल्पना तुमची.

तुमच्याच टेबलावर काम करणारे सलीमभाई एम्युलेटरची सीडी घेऊन आले. एम्युलेटर म्हणजे काय, हे तुम्ही मला मी भाकरी थापत असताना सांगितलंत. कॉम्प्युटरला पटवून द्यायचं की तू कॉम्प्युटर नाहीस, सुलतान बाजारातलं ते मशीन आहेस. तो बिचारा पटवून घेतो. पण तो काही सहजासहजी पटवून घेईना. काळ्या पडद्यावर पांढरी अक्षरं यायची, अमुक फाइल नाही, तमुक फाइल नाही. मग तुम्ही हिमायतनगरच्या कॅफेत जायचात, ती फाइल फ्लॉपीवर घेऊन यायचात, आणि इथे आल्यावर फ्लॉपी वाचली जायची नाही. पुन्हा चपला घालायच्या. मी म्हणायचे, एवढ्या फेऱ्यांत तुम्ही पायी नांदेडला पोचला असतात. तुम्ही हसायचात. कारखान्यात हाताला काम नव्हतं, म्हणून तुम्ही हे अंगावर घेतलं होतं, हे मला कळत होतं. म्हणून मीही फार बोलले नाही.

आणि एका रविवारी गेम उठला. आवाज आला, तेच ते संगीत, पण चित्र पडद्याच्या मधोमध एक अरुंद पट्टी. दाराच्या फटीतून बघितल्यासारखं. पार्लरमधल्या मशीनचा पडदा उभा होता, आपला आडवा. तुम्ही जरा वेळ बघत राहिलात आणि मग अख्खा मॉनिटर उचलून कुशीवर आडवा केलात. खाली पाट, बाजूला आधाराला आपल्या प्रज्ञाची जुनी भूगोलाची पुस्तकं. आडवा केल्यावर एका कोपऱ्यातले रंग बिघडले, आकाश हिरवं झालं, तर म्हणालात, "तिकडे जाऊ नका मॅडम, तिकडे शेती आहे." खेळून झालं की मॉनिटर परत उभा करायचा कंटाळा. मी कित्येकदा मान वाकडी करून टायपिंगचा सराव केलाय. बँकेत सगळे विचारायचे, मानेला काय झालं? काय सांगणार?

मग तो डबा. पार्लर बंद होताना मालकाने दिलेल्या मशीनवरच्या दोन दांड्या, मोठी गोल बटणं आणि प्लायवूडची पेटी. एक जुना कीबोर्ड उघडून तुम्ही त्याच्या सर्किटला तारा जोडल्यात. डावीकडे तुमची दांडी, उजवीकडे माझी. माझा हात लहान म्हणून माझं बटण दांडीच्या जवळ बसवलंत. पेटीच्या कडा पॉलिश पेपरने घासल्यात, माझ्या बांगड्या अडकू नयेत म्हणून. हे सगळं मला आठवतंय, आणि रागाच्या भरात मी ते विसरणार नाही. माझ्यासाठी असं बारकाईने कुणी काही केलं नव्हतं.

सुरुवातीला विमानं अडकायची. मध्येच माझं थांबायचं, मध्येच तुमचं. मी गोळ्या झाडत असायचे आणि एकदम हात बांधल्यासारखं व्हायचं. मी वैतागले. म्हणाले, हे काय हो, आधी हे नीट करा. तुम्ही दोन-तीन दिवस पेटी उघडून बसलात. मग एका संध्याकाळी म्हणालात, "झालं ठीक." खरोखरच माझं विमान त्यानंतर कधी अडकलं नाही. मी तुम्हाला शाबासकी दिली, आठवतं? शेजारच्या मावशींनाही सांगितलं, यांनी घरच्या घरी दुरुस्त केलं.

आणि मग मी जिंकायला लागले. दरवेळी. पार्लरमध्ये मला कुठल्या कुठे मागे टाकणारा माणूस घरात माझ्या आधी मरायला लागला. तुमचं लाल विमान नुसतं इकडेतिकडे फिरायचं, गोळी कधीतरीच. मी आधी खूश झाले, मग मला संशय आला. एकदा मी दांडी सोडली आणि विचारलं, "तुम्ही मुद्दाम हरताय का?" तुम्ही म्हणालात, "वय झालं मॅडम, हात चालत नाही." मी म्हणाले, "माझ्यावर दया नका करू, मला असलं आवडत नाही." तुम्ही म्हणालात, "दया कशाला, तुम्ही चांगलं खेळता." त्यावरून आपण किती वेळा भांडलो. भांडलो म्हणजे मी भांडले. तुम्ही चहा टाकायला गेलात.

परीक्षा झाली, पास झाले, ऑफिसर झाले. ट्रेनिंगला पुण्याला जायचं होतं. तुम्ही स्टेशनवर सोडायला आलात, कारखान्यातल्या प्रत्येकाला पेढे वाटलेत. रोज रात्री जेवण झालं की मी एसटीडी बूथवरून फोन करायचे. तुम्ही काय बोलायचात? प्रज्ञाला गणितात बरे मार्क मिळाले. भाजी खारट झाली होती पण पोरीने खाल्ली. मॉनिटरचा कोपरा आता जास्तच हिरवा झालाय. मी विचारायचे, तुमची तब्येत? "एकदम फर्स्ट क्लास." मी परत आले तरी तेच. एकदम फर्स्ट क्लास. आणि मग त्या दुपारी कारखान्याच्या जिन्यात तुम्ही बसलात आणि उठलाच नाहीत.

तिसऱ्या दिवशी सलीमभाई भेटायला आले. रडत होते बिचारे. बोलता बोलता म्हणाले, "भाबी, साब कू छाती की तकलीफ थी ना. कोठी के डाक्टर बोले थे, बडा टेस्ट कराओ, दवाखाने में भरती होओ. मैं कित्ता बोला, भाबी कू फोन करो. बोले, नक्को सलीमभाई, मॅडम का ट्रेनिंग हो जाने दो." मग माझ्या तोंडाकडे बघून ते थांबले. म्हणाले, माफ करा, मला वाटलं तुम्हाला माहीत आहे.

मला माहीत नव्हतं. नवरा माझा, छाती त्याची, आणि माहीत कुणाला, तर सलीमभाईंना. तरी तेव्हा मला राग आला नव्हता, खरं सांगते. तेव्हा नुसतं सुन्न झालं. माणूस घाबरतो, दवाखाना टाळतो, पुरुष तर टाळतातच. मी स्वतःची समजूत घातली.

थोडा राग परवा आला, पण खरा पेटला तो काल. प्रज्ञा इतके दिवस त्या टेबलाकडे फिरकत नव्हती. काल दुपारी म्हणाली, मम्मी, एक गेम खेळू या का? मला नाही म्हणवेना. मॉनिटर अजून कुशीवरच होता. ती तुमच्या जागी बसली, मी माझ्या. खेळ सुरू होऊन जरा वेळ झाला नाही तोच ती ओरडायला लागली. "मम्मी, माझं प्लेन चलतच नाहीये!" मी म्हटलं, नीट दाब. म्हणाली, "नीटच दाबतेय. तू फायर दाबलीस की मेरा रुकता." मी म्हटलं, असं कसं होईल, पप्पांनी ते ठीक केलंय. ती म्हणाली, काही ठीक नाही, तूच बघ. आम्ही जागा बदलल्या. मी तुमच्या जागी बसले, तिने माझं बटण दाबून धरलं, आणि मी डावी दांडी हलवतेय, बटण बडवतेय, विमान ढिम्म. मी बटणावरून हात काढला आणि नुसती दांडी फिरवली, तर विमान फिरलं. गोळी तेवढी मारायची नाही. मग सगळं सुरळीत.

आज सकाळी सलीमभाई कारखान्यातल्या कागदांवर सह्या घ्यायला आले, तेव्हा मी त्यांना पेटीसमोर बसवलं. ते म्हणाले, "वो तो ऐसाच है भाबी. कीबोर्ड एकीच है, खेलने वाले दो. ज्यादा बटनां एक साथ दबाए तो वो थोडे गिनताच नै."

"साहेबांना माहीत होतं?"

"हौ, मालूम था. मैं बोला खोल के दूसरा बोर्ड डालते, एक दिन का काम है. बोले, अभी नक्को, मॅडम की परीक्षा हो जाने दो."

"मग खेळायचे कसे?"

सलीमभाई हसले. त्यांना वाटलं, मला ऐकून बरं वाटेल. "अपना बटन छोड देते थे. बोलते थे, मॅडम का चलना, बस."

परीक्षा होऊ दे. ट्रेनिंग होऊ दे. सलीमभाईंनी दोन्ही वेळा तुमचं तेच वाक्य मला सांगितलं, आणि त्यांना कळलंही नाही. ते गेल्यावर मी दार लावलं आणि तुमच्या फोटोसमोर उभी राहिले. पुढचं लक्ष्मम्माने ऐकलंच आहे.

म्हणजे "झालं ठीक" म्हणालात तेव्हा काहीच ठीक झालं नव्हतं. तुम्ही एक तारसुद्धा हलवली नव्हती. तुम्ही फक्त बोट उचललंत, आणि मला ताकास तूर लागू दिली नाहीत. मी शेजारणीला तुमचं कौतुक सांगत होते. मी जिंकल्यावर नाचत होते. तुम्ही बाजूला बसून बघत होतात. मला किती मूर्ख वाटतंय आज, ठाऊक आहे? तुम्हाला वाटलं असेल हे प्रेम आहे. असेलही. पण मी काचेची होते का? दुसरा बोर्ड घालायला एक दिवस खेळ बंद राहिला असता तर माझी परीक्षा बुडाली असती? छातीत दुखतंय म्हणाला असतात तर मी ट्रेनिंग सोडून आले असते, हो, आले असते, आणि पुढच्या वर्षी पुन्हा गेले असते. बँक कुठे पळून जाणार होती? ते ठरवायला मी होते ना. मला विचारायचं होतंत. मी रागावले असते, चिडले असते, दोन दिवस बोलले नसते, आणि तुम्ही जिवंत असतात.

आता मला कशाचाच भरवसा वाटत नाही. बंगळूरच्या खासगी कंपनीने तुम्हाला बोलावलं होतं, तुम्ही म्हणालात, तिथलं हवामान मानवणार नाही. हवामान? की माझी बँक इथे होती म्हणून? भाकरीचा करपलेला भाग तुम्हाला आवडायचा म्हणे. खरंच आवडायचा का हो? खिडकीची जागा नको, वारा लागतो, म्हणायचात. प्रज्ञाला भावंड नको, असं आपण दोघांनी ठरवलं होतं, की मी ठरवलं आणि तुम्ही तिथेही बोट उचललंत? मी इतक्या वर्षांच्या संसारात कुणाबरोबर होते? हो-हो करणाऱ्या माणसाबरोबर राहायला मी लग्न केलं नव्हतं. मला पार्लरमधला तो माणूस हवा होता. रिक्षा म्हणणारा. तो तुमच्यातच कुठेतरी होता आणि तुम्ही त्याला गप्प बसवलंत, माझ्या भल्यासाठी. माझं भलं तुम्ही मला न विचारता करत होतात, आणि आता त्याची परतफेड कशी करू, तेही विचारायची सोय ठेवली नाहीत.

आणि तरी, बघा ना, पेटीच्या कडेवरून हात फिरवला तर एक कुसळ लागत नाही. तुमच्यावर धड रागावताही येत नाही.

संध्याकाळी सलीमभाईंचा फोन आला, शेजारच्यांकडे. पेटी नेऊन दुसरा बोर्ड बसवून देऊ का? मी म्हटलं, द्या, पण आज नको. प्रज्ञा मागे उभी होती. म्हणाली, मम्मी, तोपर्यंत खेळू या ना. मी म्हटलं, अडकतंय ना पण. ती म्हणाली, अडकू दे, मी सांगते ना तुला.

आम्ही बसलो. ती तुमच्या जागी. समोरून विमानं यायला लागली, मी बटण दाबून धरलं, आणि ती लगेच, "मम्मी, सोड ना जरा, माझ्यावर आलंय!" मी सोडलं. तिने तिची पाडली. "हां, आता तू मार." मी मारलं. "सोड, सोड." सोडलं. "मार." बारा वर्षांची पोर, तिला लाज नाही, संकोच नाही, आपण काही मागतोय असंही वाटत नाही. एकाच कीबोर्डवर आम्ही दोघी खेळत होतो, आणि दोघींची विमानं चालत होती. ती मध्येच हसली आणि म्हणाली, मम्मी, तुला काय झालं, समोर बघ.

समोर दिसत नव्हतं मला. एवढंच होतं तर. दोन शब्द. जरा सोड. तेवढे माझ्याजवळ बोलायचे होतेत. मी सोडलं असतं, अहो.